सिंबाहच्या घरचं आवतण

सोमवार, ३ ऑगस्ट

पोचले एकदाची. चौदा तासांची बस, त्यात शेजारणीचं कोंबडं माझ्या मांडीवर झोपून गेलं, पण पोचले. थांब्यावर माझी लेक लिंतांग उभी होती. सहा महिन्यांत पोरगी उन्हानं रापली आहे, दंड भरलेत, गळ्यात कंपनीचं ओळखपत्र लटकतंय. मला बघून धावत आली तेव्हा मात्र पाच वर्षांचीच वाटली. रस्ता रुंद करायला म्हणून जकार्तातली माझी खाणावळ पाडली त्या दिवसापासून मी हसले नव्हते. आज हसले.

नोकरी तिनंच लावून दिली. ती पाहुण्यांना ज्वालामुखी दाखवणार, मी त्यांना खाऊ घालणार. तीन दिवसांची सफर असते. पहिल्या दिवशी चढून खिंडीतल्या दगडी झोपडीत मुक्काम, दुसऱ्या दिवशी काठावर जाऊन आतली आग बघायची, तिसऱ्या दिवशी खाली. डोंगराचं नाव डांडांग. आपण भात वाफवतो ते तांब्याचं डांडांग, त्याच आकाराचा, मध्ये कंबर आवळलेला आणि वर सतत वाफ. चूल फुंकण्यात जन्म गेलेल्या बाईला तो परका कसा वाटेल? गावात मात्र कुणी त्याला नावानं बोलावत नाही. सिंबाह म्हणतात, आजोबा. धूर वाढला की म्हणतात, सिंबाहनी चूल पेटवली. मी म्हटलं, मग तुमच्या सिंबाहची लाकडं ओली दिसतायत. लिंतांगनं मला कोपर मारलं.

इथले लोक फार हळू बोलतात. मी पडले किनाऱ्यावरच्या तेगलची, आमच्याकडे सगळं मोठ्यानंच. मी नुसतं मीठ मागितलं तरी यांना वाटतं भांडण लागलं. पुरुषाला पाक, बाईला बू लावल्याशिवाय कुणी हाक मारत नाही. मालक पाक हांदोयो तर मऊपणात सगळ्यांच्या वरताण. इस्त्रीचा बाटिक सदरा, कमरेत वाकून बोलणं. मला म्हणाले, बू वार्सिती, हे घर तुमचंच समजा. साखरेचा आजार आहे म्हणून कॉफी बिनसाखरेची घेतात. चांगला माणूस वाटला.

ही वही लिंतांगनं दिली. म्हणाली, आई, दिवसभराचा राग यात लिहीत जा, लोकांवर काढू नकोस. आज लिहायला राग नाही. उद्या बघू.

मंगळवार, ४ ऑगस्ट

पहिली सफर. पाहुणे चार, बेल्जियमचे दोघे भाऊ आणि बांडुंगचं एक नवं जोडपं. वाटाड्या पाक गिमान, साठीचा, तोंडात मोजून तीन दात आणि एक लवंगी सिगारेट. चढ सुरू होतो तिथं त्यानं केळीच्या पानावर भात, अंडं आणि फुलं ठेवली आणि शेजारच्या घराचं दार वाजवावं इतक्या सहज म्हणाला, सिंबाह, चार पाहुणे आणलेत, आम्ही घरचेच, येऊ का? मग जरा वेळ कान देऊन उभा राहिला. मी विचारलं, काय म्हणाले? त्यानं माझ्याकडे असं बघितलं की मी पिशवी उचलून चालायला लागले.

वाटेत काळ्या वाळूचं मोठं पठार लागतं. वाळूतून एका घराची कौलं वर आलीत, बाकी घर खाली. गिमान म्हणाला, पायाखाली बघून चाल.

मालक वर येत नाहीत. लिंतांग म्हणते, त्यांचे गुडघे दुखतात. कंपनी हातात आल्यापासून या दगडी पायऱ्यांवर त्यांचं पाऊल पडलेलं नाही.

बुधवार, ५ ऑगस्ट

बघितली आग. खरं सांगते, बघण्यासारखी आहे. खाली खोल एक काळी साय धरते, ती तडकते, आत लाल दिसतं, पुन्हा साय धरते. मध्येच डोंगर खोकतो आणि पायाखालची जमीन हलते. बांडुंगची नवी नवरी रडलीच. मी पण थोडी.

पण राग लिहायचा तो हा. निरीक्षण चौकीनं काठापासून बऱ्याच अलीकडे पिवळा दोर बांधलाय. त्याच्या पुढे जायचं नाही असं लिहिलंय, तेही तीन भाषांत. आणि आमची सफर बिनदिक्कत त्या दोराखालून वाकून पुढे जाते, कारण दोराच्या अलीकडून फोटोत आग येत नाही! मालकांचा हुकूम आहे म्हणे. माझी लेक त्या विवराकडे पाठ करून काठावर उभी राहते आणि पाहुण्यांना सांगते, हसा. माझी तळपायाची आग मस्तकात गेली. मी ओरडले तर लिंतांग म्हणाली, आई, ही माझी नोकरी आहे. गिमान म्हणाला, इथं आवाज चढवू नको बाई, आणि धुरातून कुणी हाक मारली तर ओ देऊ नको. मी म्हटलं, मला हाका मारायला इथं माझं कोण ठेवलंय?

गुरुवार, ६ ऑगस्ट

दुपारी तीनला खाली आलो. मालक स्वतः ओसरीवर उभे, हातात बांबूची झाकणाची दुरडी. लग्नाचं आवतण. आपल्याकडची तीच रीत, लग्नघरून अन्नाची दुरडी यायची. ज्यानं ती खाल्ली त्यानं लग्नाला जायचं आणि आधी चार दिवस जाऊन राबायचंही. नारळ खवायचे, कांदे सोलायचे, भांडी घासायची. खाऊन न जाणं म्हणजे तोंड काळं करून घेणं.

मी विचारलं, कुणाचं लग्न? म्हणाले, वरच्या वाडीत माझ्या चुलतभावाच्या मुलीचं, मीच जाणार आहे कामाला, पण साखरेमुळे हा भात मला चालत नाही. लेकरू डोंगरावरून दमून आलंय, तिला वाढा, अन्न वाया जायला नको. वर दोन्ही हातांनी दुरडी पुढे केली.

माझा गुरुवारचा रोजा. म्हणून मी बसून वाढलं फक्त. भात, कोंबडी, शेवया, बटाट्याची तिखट भाजी. भातातून वाफ येत होती. मालक म्हणाले होते दुरडी सकाळी आली. लिंतांगनं दोन घास घेतले आणि म्हणाली, आई, कशातच मीठ नाही गं. मी म्हटलं, लग्नघरचा आचारी झोपेत असेल, खा मुकाट्यानं, लोकांनी प्रेमानं पाठवलंय. तिनं कोंबडीचा पाय बाजूला सारला तर मी पुन्हा पानात वाढला. शेवटचं शीत संपेपर्यंत उठू दिलं नाही.

संध्याकाळी रोजा सोडायला मी माझ्यापुरता सोयाबीनचा तेंपे तळला.

शनिवार, ८ ऑगस्ट

लिंतांगचं काहीतरी बिनसलंय. सकाळी उठते ती घामानं भिजलेली आणि अंगाला तळलेल्या कांद्याचा वास. मी चुलीवर हात ठेवून बघितला, चूल गार. तिच्या नखांत हळद आहे, बोटाला भाजल्याचा फोड आहे. या मुलीला अंडं तळता येत नाही. आज माझ्याशी गप्पा मारता मारता हिनं दोन किलो कांदे सोलले, खाली न बघता, आणि सगळे एकसारखे चिरले. मी चाट. कुणी शिकवलं म्हटलं तर म्हणते, बू तुमिनीनं.

कोण बू तुमिनी?

स्वयंपाकघरातली, म्हणे. चिलाचापची आहे, फार हसते, एका कानाची पाळी फाटलेली. झोप लागली की ती हाक मारायला येते. मोठं स्वयंपाकघर आहे आई, तुझ्या खाणावळीच्या शंभरपट, बायका चांगल्या आहेत, काम मात्र खूप. शुक्रवारी लग्न आहे ना.

कचेरीत मी विचारलं, तुमिनी कोण? ड्रायव्हर उठून बाहेर गेला. हिशेबनीस बाई टेबल पुसायला लागली, ते आधीच पुसलेलं होतं. दुपारी माझा ॲप्रन धुवायला उलटा केला. खुंटीवर लटकत होता तो मी आल्यापासून घालतेय. आतून लाल दोऱ्यानं नाव शिवलंय, तुमिनी.

रविवार, ९ ऑगस्ट

गिमानला गाठलं. स्वातंत्र्यदिनासाठी तो बांबूच्या काठ्यांना लाल-पांढरा रंग देत बसला होता. मी रंगाचा डबा लाथाडला आणि म्हटलं, बोल, नाहीतर तुझे उरलेले तीन दात पण राहणार नाहीत. म्हातारा रडायला लागला. बोलला मात्र सगळं.

वरच्या वाडीत लग्न नाही. वरची वाडी नाहीच. तीस वर्षांपूर्वी एका दुपारी ती वाळूखाली गेली. ती कौलं मी मंगळवारी तुडवून आले. दुरडी आली ती त्याच्याही वरून. सिंबाहकडून. सिंबाहकडे कार्य निघालं की धूर वाढतो आणि कामाला हात लागतात. आवतण त्याला येतं ज्याचं त्या घरी रोजचं जाणं-येणं आहे, जो त्या दारावर पोट भरतो. हांदोयोचा बाप दर वर्षी स्वतः वर जायचा, हात जोडायचा, दारात झाडून यायचा, त्याला कधी असं बोलावणं आलं नाही. लेकानं पाहुण्यांच्या रांगा लावल्या, सिंबाहच्या चुलीवर घर बांधलं, गाडी घेतली, आणि एकदा नमस्कार करायलाही चढला नाही. तेव्हा सिंबाहनी म्हटलं असेल, इतका घरचा झालास तर ये, कामाला लाग.

दुरडी त्याच्या नावानं आली. दोन वर्षांपूर्वीही आली होती. गावातलं कुणी कुणाचं लग्न हे नीट कळल्याशिवाय घास तोंडात घालत नाही. म्हणून त्यानं बाहेरगावची स्वयंपाकीण ठेवली आणि तिला खायला घातली. दुरडी कुणाच्याही नावाची असो, सिंबाह बघतात पोट कुणाचं भरलं. तुमिनी लग्नाच्या दिवशी वर गेली. काठावर तिच्या चपला सापडल्या, जोडीनं, नीट, घरात शिरताना काढाव्यात तशा. तिच्या माणसांना कळवलं की बाई ट्रकवाल्याबरोबर पळून गेली.

पळून गेली! मेलेल्या बाईवर हा शिंतोडा, आणि सगळं गाव मूग गिळून बसलं, कारण प्रत्येकाच्या घरात सफरीचा पैसा येतो. मी गिमानला विचारलं, माझी लेक जेवत होती तेव्हा तू दहा पावलांवर बसून सिगारेट ओढत होतास, तुझी जीभ झडली होती का? तो म्हणाला, हो.

वाढलं मी. कोंबडीचा पाय मी परत पानात टाकला. हे लिहिताना हात तोडून टाकावासा वाटतो.

सोमवार, १० ऑगस्ट

हांदोयोच्या घरी गेले. बसा म्हणाला, चहा मागवला. मी सगळं तोंडावर सांगितलं, रस्त्यावरच्या माणसालाही ऐकू जाईल असं. तो शांतपणे ऐकत होता. बू, तुम्ही राजधानीत राहिलेल्या, असल्या गोष्टी कशा मानता, म्हणाला. मी म्हटलं, तू मानतोस, म्हणून तर स्वतः खाल्लं नाहीस. त्यावर थोडं हसला आणि एकदम हळू, अगदी आपुलकीनं विचारलं, लेकीनं पोटभर खाल्लं ना?

मी गरम चहा त्याच्या सदऱ्यावर फेकला. त्यानं रुमालानं पुसला आणि माझीच माफी मागितली. म्हणाला, शुक्रवारच्या सफरीला लिंतांगचं नाव लागलंय, पाहुणे मोठे आहेत, तिला सांगा वेळेवर यायला.

अशा माणसाच्या गळ्याला नख लावायला मला दोन मिनिटं लागली नसती. पण पोरीला आधी इथून काढायचं आहे. उद्या सकाळची बस.

मंगळवार, ११ ऑगस्ट

बस निघाली. लिंतांग खिडकीशी शांत बसली, हात मांडीवर, बोटं कांदा सोलल्यासारखी हलत होती. सात किलोमीटरवर राख पडायला लागली, पुढचं काही दिसेना, ड्रायव्हरनं गाडी वळवली. मी त्याच्याशी भांडले, गाडीच्या पत्र्यावर चपला मारल्या. मागे बघते तर लिंतांग उतरून गावाच्या दिशेनं चालायला लागलेली.

हात धरला तर म्हणाली, लाज वाटते आई. खाल्लं आणि गेले नाही, असं कोण करतं? तूच शिकवलंस ना.

पूर्ण वाट मी तिच्या मागून शिव्या देत चालले. तिला नाही. डोंगराला. कार्य तुझ्या घरचं, मान तुझा, आणि राबायचं माझ्या पोरीनं? तुझ्या घरच्या बायका काय झोपल्यात? राख पडत राहिली.

बुधवार, १२ ऑगस्ट

तिला खोलीत कोंडलं. बाहेरून कडी, वर कुलूप. दुपारभर आतून नारळ खवल्याचा आवाज. खर्र खर्र, एका लयीत. सहन होईना, उघडलं. ती भिंतीकडे तोंड करून बसलेली, दोन्ही हात कोपरापर्यंत ओल्या खोबऱ्यानं पांढरे. खोलीत नारळ नाही. खवणी नाही. मी वास घेतला. ताजं खोबरं.

तिनं विचारलं, आई, एवढं पुरेल का?

गुरुवार, १३ ऑगस्ट

रोजा धरला नाही. धरायची हिंमत होत नाही.

चौकीनं धोक्याची पातळी वाढवली. कर्ण्यावरून सांगतायत, काठाकडे जाऊ नका. हांदोयोनं उद्याची सफर रद्द केलेली नाही.

गिमान पहाटे नमाज झाल्यावर दारात येऊन बसला. म्हणाला, एक आहे. आपली रीतच आहे, एका घरातून एक माणूस गेलं की झालं. तू गेलीस तर तिला सोडतील. पण ज्यानं खाल्लं नाही त्याला मांडवात घेत नाहीत, आणि तू खाल्लं नाहीस.

मी म्हटलं, मग मागून खाईन. जन्मभर दुसऱ्यांना वाढलं, एक ताट मला मागता येत नाही काय?

शुक्रवार, १४ ऑगस्ट. बाजारवार क्लिवन, आमच्यात हा भुताखेतांचा शुक्रवार

कुलूप जागेवर आहे. कडी जागेवर. ती नाही.

निघाले. झोपडीत दम खायला थांबले तेवढ्यात हे लिहितेय. सफर अर्ध्यातून परत फिरलेली वाटेत भेटली, पाहुणे राखेनं माखलेले, गिमान त्यांना हाताला धरून उतरवतोय. लिंतांग पुढे गेली म्हणाला, हाका मारल्या, तिनं वळून बघितलं नाही. या वेळी ओरडला होता म्हणे, घसा फुटेपर्यंत.

सकाळचे अकरा. उजेड दुधासारखा. वरून तळलेल्या कांद्याचा वास येतोय. खमंग. माझ्या तोंडाला पाणी सुटलं, आणि या गोष्टीचा मला इतका राग आला की —

शुक्रवार, दुपार

काठ. दोराच्या पुढे. तिच्या चपला जोडीनं ठेवलेल्या, आणि ती तिथंच उभी, अनवाणी, एक पाय पुढे. माझ्या ओढणीनं तिचं मनगट माझ्या मनगटाला बांधलं. गाठीवर गाठ. उजवा हात मोकळा, म्हणून लिहिता येतंय. लिहिलं नाही तर किंचाळेन.

धुरात बायका आहेत. आधी आवाज आले, उखळ, पातेली, हसणं. मग त्या. कमरेला पदर खोचलेल्या. फाटक्या पाळीची एक पुढे आली. किती दिवसांनी नवीन माणूस बघतेय, असं हसली.

मी तेगलचा आवाज लावला. म्हटलं, आवतण हिचं नाही. हांदोयोचं. ज्याचं नाव त्याला उचला. तुमिनी, तुला पण त्यानंच फसवलं, तुला कळत कसं नाही? ती म्हणाली, कळतं गं बाई, पण यजमान नाव वाचत नाहीत, यजमानांना वाचता कुठं येतं, ते ताट बघतात कुणाचं रिकामं झालं.

मग मला वाढा, म्हटलं. एका घरातून एक.

त्यांनी एकमेकींकडे बघितलं. कुणीतरी आत जाऊन विचारून आलं.

ताट आलं.

लिंतांग माझ्याकडे बघत नाही. पुढे टाकलेला पाय अजून तसाच.

मीठ नाही. कशातच नाही. मी सगळं खाल्लं. पान चाटलं —

ती रडतेय! आई म्हणून रडतेय, पाय भाजतायत म्हणतेय, माझी पोरगी, माझी — गाठ सुटत नाही, दातांनी —

सुटली. चपला हातात दिल्या. पळ म्हटलं. ती जाईना. थोबाडीत मारली, आयुष्यात पहिल्यांदा. गेली. धुरात खाली गिमानचा आवाज, पाहुण्यांना सोडून परत वर आलाय, तिला हाका मारतोय. त्याला ओ दिली तिनं. दिली. मी ऐकलं.

शुक्रवार

अजून शुक्रवारच. इथं बदलत नाही.

हात भाजत नाहीत. कढईत घातले तरी नाही. लग्न कुणाचं ते कुणाला माहीत नाही, वऱ्हाड निघालंय म्हणतात, पोचत नाही, म्हणून शिजवत राहायचं. बायका कुठकुठच्या. एक तर त्या वाळूखालच्या वाडीतली, तीस वर्षं शेंगा सोलतेय. मला चुलीवर घेतलं, हात चांगला आहे म्हणाल्या. मला कसलं कौतुक सांगता. मी रागावून पातेलं उलटं करायला जाते, हात आपोआप ढवळतो.

पण पोरगी सुटली. तेगलला मावशीकडे गेली असेल. हे आठवलं की चालतं.

शुक्रवार

नवीन दुरड्या भरायला घेतल्यात. पुढच्या कार्याच्या. एवढ्यात? खाली किती दिवस झाले? वर्ष?

पहिली दुरडी हांदोयोची. मी भरते म्हटलं. त्याच्या नावानं थुंकले त्यात. थुंकी वाळून गेली. तो खाणार नाही. पुन्हा कुणाला तरी — कुठल्या तरी —

दुरड्या पोचवणारी बाई खाली जाऊन आली. लग्नघरात बातम्या येतातच. कांदे चिरताना सांगत होती, हांदोयोनं नवी स्वयंपाकीण ठेवली. तरुण आहे. आधी पाहुणे फिरवायची. आई डोंगरात हरवली म्हणे हिची, त्या दिवसाचं हिला काही आठवत नाही, आई सापडल्याशिवाय गाव सोडणार नाही म्हणते. आईचाच ॲप्रन घालते. म्हातारा वाटाड्या हिला सांगून सांगून थकला, आणि गेल्या पावसाळ्यात वारला. आता सांगणारं कुणी नाही.

सगळ्या हळहळल्या. मग हसल्या कशाला तरी.

लिंतांग. पोरी, गेली का नाहीस गं —

भात बिघडवायचा प्रयत्न केला. करपवला. झाकण काढलं तर मोकळा, पांढरा. माझ्या हातून कधी इतका चांगला झाला नाही. कोंबडी माझ्या पद्धतीची, गलांगल, ते उग्र आलं, जास्त, तुला आवडते तशी. मी नाही केली. हातांनी केली.

वही केळीच्या पानाखाली ठेवतेय, दुरडीच्या तळाला. आधी पान उचल. आधी. खाण्याच्या आधी. वास तुझ्या ओळखीचा येईल, म्हणून तर सांगते, आईच्या हातचं आहे म्हणून जवळ घेशील, रडशील, आणि रडत रडत —

नको. मी शिजवलंय म्हणूनच नको. मी हरवले नाही. पडले नाही. माझ्या पायांनी आले, तुझ्यासाठी, आणि ते असं फुकट घालवू नकोस, तुझा इतका राग येतोय मला, इतका — हांदोयोच्या दारात नेऊन ठेव ही दुरडी, गावासमोर, मोठ्यानं विचार कुणाचं लग्न, आणि निघ, पायी निघ, राख पडली तरी —

झाकण आणलं. सुतळी मागतायत.

लिंतांग, एक शीतसुद्धा —